राबला तो संपला

गेल्या जुलैत भाचा आमच्याकडे दहा-बारा दिवस राहायला होता. सांगलीहून आलेला, हिंजवडीत पहिली नोकरी, खोली मिळेपर्यंत मामाचं घर. एका रात्री जेवणं आटोपल्यावर मी हॉलमध्ये जुना कृष्णधवल इटालियन सिनेमा लावून बसलो होतो. बाहेर पाऊस, पडद्यावर व्हेनिसचं पाणी. नावं चालली होती, आणि नेमका तेव्हाच भाचा बाटली भरायला बाहेर आला. दिग्दर्शकाचं नाव आलं तसा तो थबकला. स्वयंपाकघराकडे एक नजर टाकून, मामी ऐकत नाही ना हे बघून, ओठातल्या ओठात हसत म्हणाला, “मामा, टिंटो ब्रास?”

आणि मी, वय वर्षं एक्कावन्न, बँकेत चाळीस माणसांवर साहेब असलेला माणूस, रिमोटकडे हात नेत घाईघाईनं म्हणालो, “अरे, हे तसलं नाही.”

तो “बरं बरं” म्हणून पाणी घेऊन गेला. सिनेमा १९६३चा, म्हणजे ब्रासचं नाव उघड्यानागड्या सिनेमांसाठी गाजायच्या आधीचा होता, आणि खरोखरच तसला नव्हता. पण माझं ते वाक्य पुढं कितीतरी दिवस दातात अडकलेल्या पेरूच्या बीसारखं राहिलं. एवढी घाई कसली झाली होती? आणि मी कुणाला वाचवत होतो, स्वतःला की त्या सिनेमाला? शिवाय ‘तसलं’ म्हणजे कसलं हे त्यालाही कळलं आणि मलाही. तेवीस वर्षांचा तो आणि दुपटीहून मोठा मी, दोघांचं एका शब्दावर असं चटकन एकमत व्हावं याचंच खरं तर नवल.

हे नाव मला पहिल्यांदा भेटलं ते सांगलीत, एसटी स्टँडमागच्या एका सीडी लायब्ररीत. व्हीसीडीचे दिवस. मी बँकांच्या परीक्षा देत होतो आणि एकामागून एक नापास होत होतो. दुकानात समोरच्या फळ्यांवर हिंदी, मग इंग्लिश मारधाड, मग लहान मुलांचं. काउंटरखाली बुटांचा एक खोका. त्या खोक्यातल्या सीडींना नावं नसायची, मार्करनं लिहिलेले नंबर असायचे. रजिस्टरमध्येही नंबरच. काहींना मात्र मूळ वेष्टनाची झेरॉक्स लावलेली असे आणि तिच्यावर सिनेमाच्या नावापेक्षा दिग्दर्शकाचं नाव मोठं. मला बरेच दिवस ती कंपनी वाटायची. पितळेची काहीतरी. मित्राच्या खोलीत, दाराला आतून कडी, खिडकीला चादर, आणि टीव्हीचा आवाज पूर्ण बंद, कारण खाली मालकीणबाई. सीडी अडकली की बनियनला पुसून परत घालायची. पुढं कधीतरी वाचलं की त्यातल्या एका सिनेमाला एन्निओ मोरिकोनेचं संगीत आहे. आमच्या खोलीत मोरिकोने मुकाच होऊन गेला.

नंतर परीक्षा पास झालो, पुण्यात आलो, आणि लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म अर्काइव्हची सवय लागली. संध्याकाळी बँकेतून थेट तिथं. रोसेलिनी, अँतोनिओनी ही इटलीतल्या थोर दिग्दर्शकांची नावं तोंडात बसली, आणि त्यांच्याविषयी बोलताना आवाजही आपोआप थोडा खाली यायला लागला. काउंटरखालचा खोका आणि अर्काइव्हचा अंधार यांच्यामध्ये मी मनात एक पक्की भिंत बांधून घेतली होती. अशा भिंती बांधताना आपल्याला आपण फार मोठे झाल्यासारखं वाटतं. ती भिंत पडली ती एका साध्या ओळीनं. कुठल्याशा लेखात रोसेलिनीच्या १९५९च्या ‘जनरल देल्ला रोवेरे’ या सिनेमाच्या सहायकांमध्ये हे पितळेचं नाव होतं. आधी वाटलं, दुसरा कुणी असेल. तोच होता.

खरं नाव जोव्हान्नी. जन्म १९३३, मिलानचा, पण घर व्हेनिसचं. आजोबा इतालिको ब्रास हे चित्रकार. त्यांनी व्हेनिसचे पूल, मिरवणुका, पाण्यावरचा उजेड रंगवला. नातवाच्या चित्रं काढण्याच्या नादावरून त्याला लाडानं ‘तिंतोरेत्तो’ म्हणायचे, तिथून टिंटो. म्हणजे खोक्यातल्या सीडींवर जे नाव होतं ते सोळाव्या शतकातल्या एका महान चित्रकाराचं, आजोबांच्या तोंडून निघालेलं. पोरगा कायदा शिकला आणि वकिली न करता पॅरिसला गेला. तिथं सिनेमातेक फ्रान्सेझ या फिल्म अर्काइव्हमध्ये, ते उभारणाऱ्या ऑंरी लांगलॉयच्या हाताखाली, फिल्मच्या डब्यांच्या राशीत राहिला. फ्रेंच सिनेमात नवी लाट आणणारी न्यू वेव्हवाली मंडळी ज्या खुर्च्यांवर बसून सिनेमा शिकत होती तिथंच. परत आल्यावर रोसेलिनीचा आणि डच माहितीपटकार योरिस इव्हन्सचा सहायक. सिनेमाच्या घराण्यात याहून चांगली तालीम कुणाला मिळणार?

आणि मग तो पहिला सिनेमा, ज्याच्यासाठी मी भाच्यापुढं खुलासा केला.

बोनिफाचो नावाचा तरुण. आराखडे काढण्याचं शिकलेला. नोकरी मिळते आहे, घ्यावी की नाही हे ठरत नाही, म्हणून दिवसभर व्हेनिसमधून नुसता हिंडतो. बाहेर गाव, आत त्याच्या डोक्यातली बडबड. मोडलेलं प्रेम, गर्भपात, युद्धात फासिस्टांविरुद्ध लढलेले आणि आता कुठं जायचं ते न कळणारे मित्र. गोष्ट म्हणावी तर एवढीच. पण कॅमेरा! तो एका जागी टिकतच नाही. चेहरा, पाटी, पाणी, पुन्हा चेहरा, मध्येच आठवण, मध्येच थट्टा. भुकेलं पोर जत्रेत सोडल्यासारखा. कुठं बघू आणि कुठं नको. त्यात मित्राची भूमिका करणारा फ्रांको आर्काल्ली हा पुढं इटलीतला मोठा संकलक झाला. बेर्तोलुच्चीच्या ज्या सिनेमाच्या प्रती इटलीत कोर्टाच्या हुकमानं नष्ट करायला निघाले, तो ‘लास्ट टँगो’ यानंच कापला आणि लिहायलाही मदत केली. व्हेनिसच्या त्या टोळक्यात पुढच्या भानगडींची बीजं अशी आधीच पडलेली होती.

सिनेमाचं नाव आधी ‘जगाच्या टोकाला’ असं काहीसं होतं. सेन्सॉरनं अडवला, आणि त्या झटापटीतून नवं नाव आलं: ‘की लावोरा ए पेर्दूतो’. इटालियनमध्ये एक म्हण आहे, ‘की सी फेर्मा ए पेर्दूतो’. मुसोलिनीच्या राजवटीनं ती आपलीशी करून घोषणेसारखी वापरली. त्या म्हणीचा अर्थ मराठी माणसाला सांगावा लागत नाही, कारण ती आपल्या प्रत्येक शाळेच्या भिंतीवर आणि निम्म्या ट्रकांच्या मागं लिहिलेली असते. थांबला तो संपला. ब्रासनं तिच्यातला एक शब्द फिरवला. राबला तो संपला.

हे जुळलं त्या दिवशी मला फार आनंद झाला होता. असल्या आनंदाचा घरात कुणाला उपयोग नसतो हा भाग वेगळा.

मी व्हेनिस पाहिलंय, पण सहलीतून. म्हणजे साडेचार तास. त्यातला दीड तास जेवणात, पाऊण तास गोंडोलाच्या रांगेत. टूर मॅनेजरनं चाळीस मिनिटं मोकळी दिली तेव्हा बायकोला काचेच्या दुकानात सोडून मी एका गल्लीत शिरलो. दोन वळणं घेतली आणि माणसंच संपली. वर वाळत घातलेल्या चादरी, भिंतींचा पोपडे धरलेला ओला चुना, पायऱ्यांवर शेवाळ, कुठूनतरी बोटीच्या डिझेलचा वास. आमच्या कृष्णेच्या घाटावर पूर ओसरल्यावर जो वास येतो त्याच्या जवळचा, फक्त खारट. त्या गल्लीत मला बोनिफाचो आठवला. नोकरी मिळत असताना असा हिंडणारा पोरगा हा त्यांच्याकडे सिनेमाचा नायक होतो. आमच्याकडे त्याच्यासाठी घरात वेगळा शब्द आहे, आणि तो मी वडिलांच्या तोंडून दोन-तीन वर्षं ऐकलेला आहे.

साठच्या दशकातला ब्रास हा असाच हिंडणारा. विसाव्या शतकातल्या क्रांत्यांवर जुन्या फिल्मांचे तुकडे जोडून एक सिनेमा केला. आल्बेर्तो सोर्दी या विनोदी नटाला घेऊन मंगळावरच्या लोकांची थट्टा केली. एक वेस्टर्न केला. लंडनला जाऊन ‘कोल कुओरे इन गोला’ केला, म्हणजे काळीज घशाशी आलेलं. त्याची दृश्यं चित्रकथाकार ग्वीदो क्रेपाक्सनं आधी रेखाटून दिली होती, आणि पडदाही कॉमिकच्या पानासारखा चौकटींत फुटतो. मग ‘नेरोसुबियांको’, पांढऱ्यावर काळं. मराठीत याचा अर्थ लिहिणं असा होतो, तिथं एक गोरी बाई आणि एक काळा माणूस लंडनमध्ये एकमेकांभोवती फिरतात आणि मध्येच बँड येऊन गाऊन जातो. ‘लुर्लो’ इतका बेबंद की सेन्सॉरच्या कचाट्यातून सुटून इटलीत लागायला त्याला वर्षं गेली. १९७१चा ‘ला वाकांत्सा’, व्हेनेसा रेडग्रेव्ह आणि फ्रांको नेरो. हे सगळं चांगलंच आहे असं मी म्हणणार नाही. काही तुकडे असह्य आहेत. बंडाचा सिनेमा पन्नास वर्षांनी पाहताना लग्नातल्या जुन्या व्हिडिओतल्या नाचासारखा वाटतो, नाचणाऱ्यांना काय झालं होतं ते कळत नाही. पण एकही सिनेमा दुसऱ्यासारखा नाही.

एका गोष्टीपाशी मात्र मी फार वेळ रेंगाळतो. १९६४मध्ये मिलानच्या त्रिएन्नालेचा, म्हणजे तिथल्या कला आणि डिझाइनच्या मोठ्या प्रदर्शनाचा, विषय होता ‘फावला वेळ’. लेखक उम्बेर्तो एको त्या प्रदर्शनाच्या रचनेत होता. ब्रासनं त्यासाठी दोन छोट्या फिल्मा केल्या, एक कामाच्या वेळेवर, एक मोकळ्या वेळेवर. त्या दाखवल्या आरशांनी मढवलेल्या एका दालनात. माणूस मध्ये उभा आणि सगळ्या बाजूंनी त्याच चित्राची शंभर प्रतिबिंबं. पुढं या माणसाच्या सिनेमात आरसे इतके आले की आरशाशिवाय त्याला खोली दिसेनाशी झाली. कामाचा वेळ, मोकळा वेळ आणि आरसे. एकतिसाव्या वर्षीच सगळं सामान जमलेलं होतं.

मग वळण. कुणी १९७६ म्हणतं, ‘सालों किट्टी’चं साल. बर्लिनचा कुंटणखाना, नाझींनी भिंतींत लपवलेले मायक्रोफोन. कुणी ‘कालिगुला’ म्हणतं, आणि त्याची कथा खरंच सांगण्यासारखी आहे. पटकथा गोर व्हिडालची, पैसा पेंटहाऊस मासिकाच्या बॉब गुच्चोनेचा, नट माल्कम मॅकडॉवेल, हेलन मिरन, पीटर ओटूल, जॉन गिलगुड. लेखकाचं आणि दिग्दर्शकाचं फिसकटलं. चित्रण झाल्यावर निर्मात्यानं दिग्दर्शकाला संकलनाच्या खोलीबाहेर काढलं, मागाहून स्वतः उघडीनागडी दृश्यं चित्रित करून मध्ये घुसवली, आणि १९७९मध्ये सिनेमा आला तेव्हा दिग्दर्शक म्हणून नावच नाही. नुसतं ‘मुख्य छायाचित्रण: टिंटो ब्रास’. ज्या माणसाचं सगळं बळ कात्रीत होतं त्याच्या हातून कात्री घेतली. २०२३मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात त्याच जुन्या न वापरलेल्या फिल्ममधून नवा ‘कालिगुला’ जोडून दाखवला, तेव्हाही त्यात त्याचा हात नव्हता, आणि त्यानं तो आपला मानला नाही. एकच सिनेमा माणसाच्या हातून दोनदा जावा!

मला वाटतं जखम तिथली आहे. त्यानंतर त्यानं ठरवलं असणार की आता सिनेमा लहान करायचा, आपल्या गावात करायचा, आणि आपणच कापायचा. त्यात इटलीचा काळही फिरला होता. साठच्या दशकातलं बंड बंदुका आणि बॉम्बपर्यंत जाऊन थकलेलं. खासगी टीव्ही घराघरात आलेला, थिएटरं रिकामी होत चाललेली. १९८३मध्ये, पन्नाशीत, त्यानं ‘ला किआवे’ केला, म्हणजे किल्ली. जुनिचिरो तानिझाकीची जपानी कादंबरी उचलून त्यानं १९४०च्या व्हेनिसमध्ये आणली. म्हातारा होत चाललेला प्रोफेसर आपली डायरी कुलपात ठेवतो आणि किल्ली मुद्दाम बायकोच्या नजरेला पडेल अशी टाकतो. तीही मग स्वतःची डायरी लिहायला लागते. स्तेफानिया सान्द्रेल्ली बायको. सिनेमा तुफान चालला.

हा मी मागच्या वर्षी पुन्हा पाहिला, या वेळी आवाजासकट आणि बायकोसोबत. ती अर्धा सिनेमा स्वेटर विणत होती. संपल्यावर म्हणाली, “नवराबायको एकमेकांशी बोलत नाहीत म्हणून डायऱ्या लिहितात. एवढीच गोष्ट आहे ना? मग एवढे आरसे कशाला?”

मी तिला इटालियन कॅथलिक समाजाबद्दल, चर्चबद्दल, फासिझमनं बाईला चुलीपाशी बसवलं त्याबद्दल काहीतरी सांगायला लागलो. ब्रासचे चाहते हेच सांगतात की तो बदललाच नाही. आधी सरकारविरुद्ध बंड होतं, मग पलंगावरून बंड. त्याच्या बायका अपराधी वाटून न घेता हसतात, शिक्षा न होता घरी परततात, हेही खरं. विरोधक म्हणतात, पैसा दिसला आणि घसरला. तिनं टाके मोजत ऐकून घेतलं आणि म्हणाली, “बंडबिंड असेल. पण ती हसत असताना तो तिच्या तोंडाकडे बघत नाहीये.”

या वाक्याला माझ्याकडे उत्तर नव्हतं, अजून नाही.

कारण हाच तो फरक. बोनिफाचोच्या सिनेमात कॅमेऱ्याला कुठं बघायचं ते माहीत नव्हतं. ‘किल्ली’त अजून थोडं माहीत नाही, तिथं धुकं आहे, युद्ध आहे, मुलगी आणि तिचा नियोजित वर आहेत, मरण आहे. पण पुढं? ‘मिरांदा’, ‘काप्रिच्चो’, ‘पाप्रिका’, ‘मोनेल्ला’. दोन-दोन तीन-तीन वर्षांनी एक. मध्येच ‘स्नॅक बार बुडापेस्ट’सारखा एखादा चुकार, जुन्या वेडाचा. बाकी सगळीकडे कॅमेरा खोलीत शिरायच्या आधीच त्याची जागा ठरलेली. तोच कोन, तेच वळण, तोच आरसा, आरशात सिगार ओढणारा तोच जाडजूड माणूस. मला यात अश्लील काही दिसत नाही. मला मस्टर दिसतं. सही करा आणि बसा.

आणि मग १९९५चा ‘फेर्मो पोस्ता टिंटो ब्रास’. आता दिग्दर्शकाचं नाव सिनेमाच्या नावातच. हा सिनेमा बघताना मला अंगावर शहारा आला, आणि तो ज्या कारणानं यायला हवा त्या कारणानं नाही. त्यात ब्रास स्वतः ब्रासच आहे. टेबल आहे, सेक्रेटरी आहे, टपाल आहे. बायकांनी आपल्या गुपितांची पत्रं पाठवलीत, सेक्रेटरी एकेक उघडून वाचते, साहेब ऐकतात, आणि एकेका पत्राची गोष्ट दिसते. नंतर पुढचं पत्र. मी बँकेत अठ्ठावीस वर्षं काढली. आवक-जावक मी ओळखतो. ज्या पोरानं नोकरी नको म्हणून व्हेनिसभर पायपीट केली, त्याला बत्तीस वर्षांनी मी ऑफिसात टपाल निकाली काढताना पाहिलं.

त्याची मजा चालली होती, हे मात्र कबूल केलं पाहिजे. तो कुठंही ओझ्याखाली वाकलेला दिसत नाही. बायको कार्ला, व्हेनिसमधला प्रसिद्ध हॅरीज बार काढणाऱ्या चिप्रियानींची मुलगी. लोक तिला ‘टिंटा’च म्हणत. ती त्याच्याबरोबर पटकथा लिहायची, सेटवर असायची, २००६मध्ये गेली. घर, काम, हौस सगळं एकाच टेबलावर. मी ज्याला घसरण म्हणू पाहतो त्याला तो कदाचित घर सापडणं म्हणत असेल. पंचवीस वर्षं रोज तीच भाजी आवडीनं खाणारे लोक असतात. माझे वडील होते. त्यांच्या ताटाकडे बघून हळहळणारे आपण कोण? असं म्हणतो आणि तरी हळहळतो. त्या १९६३च्या पोराशी माझंच काहीतरी देणं लागत असल्यासारखं वाटतं. मी परीक्षा पास झालो त्या दिवशी वडिलांनी पेढे वाटले होते आणि मी संध्याकाळी कृष्णेच्या घाटावर जाऊन तासभर नुसता बसलो होतो. दुसऱ्या दिवशी सीडी लायब्ररीचं डिपॉझिट परत घेऊन आलो.

तर भाचा. त्याला खोली मिळाली, तो गेला. त्या रात्रीचा सूड मात्र टीव्हीनं उगवला. मी तो एक कृष्णधवल सिनेमा पाहिल्यापासून आमच्या टीव्हीच्या यादीत ‘तुम्हांला आवडेल असं’ म्हणून एक ओळ उगवली आहे. डावीकडे व्हेनिसमध्ये उभा असलेला करडा बोनिफाचो, आणि त्याच्या उजवीकडे रंगीत पाठमोऱ्या बायकांची रांग. मशीनलाही ‘तसलं’ म्हणजे काय ते कळतं. बायको म्हणाली, काढून टाका, पाहुणे येतात. मी काढायला गेलो, पण रांग काढायची तर पोरगाही जातो, म्हणून ठेवली.

दिवाळीत भाचा फराळाला आला. गळ्यात कंपनीचं ओळखपत्र तसंच, काढायचं विसरलेला. डोळ्यांखाली थोडं काळं. टीव्ही लावला आणि ती ओळ आली. मी चकलीचा डबा उघडण्यात गुंतल्यासारखं केलं. या वेळी तो हसला नाही. करड्या चित्राकडे बोट करून म्हणाला, “मामा, हा तो त्या दिवशीचा ना? नोकरी नको म्हणणारा?”

म्हणजे त्या रात्री पाणी घेऊन गेल्यावर तो दाराआड थोडा वेळ थांबला होता.

“हो.”

“मग घेतली का त्यानं शेवटी?”

“बघ ना. दीड तासाचा तर आहे. आत्ता लावतो.”

त्यानं घड्याळाकडे पाहिलं. “नको मामा, सांगा तुम्हीच. सकाळी पावणेसातला कंपनीची बस असते.”